खडूचे वर्तुळ : मुंबई, वायमार आणि आपला वऱ्हाड

गवयाचा प्रदेश बदलला तरी त्याच्याजवळ सूर असतो. चित्रकार परमुलखात गेला तरी रंग त्याच्या सोबत असतात. नटाचे मात्र तसे नाही. नटाचे भांडवल म्हणजे त्याची भाषा. ती भाषाच काढून घेतली, तर नटाजवळ उरते काय? एखाद्या अभिनेत्रीला अशा देशात नेऊन उभे केले, की जिथे तिचा एक शब्दही समोरच्याला कळत नाही, आणि तिला सांगितले की आता इथल्या नटांकडून नाटक करून घे, तर ती काय करील?

हा प्रश्न मी कल्पनेने उभा केलेला नाही. एका मराठी अभिनेत्रीच्या वाट्याला तो खरोखरच आला आणि तिने त्याचे उत्तरही दिले. विजया मेहता हे तिचे नाव. मराठी नाट्यसृष्टी त्यांना नुसते 'बाई' म्हणते. नाटक, चित्रपट आणि दूरदर्शन अशा तिन्ही ठिकाणी त्या वावरल्या. पण जर्मनीत जाऊन, जर्मन नटांकडून, जर्मन भाषेत आपली नाटके बसवणारी मराठी बाई म्हणून त्यांची ओळख आपल्याकडे फारशी सांगितली जात नाही. ती आज सांगायची आहे. कारण या धाग्याचे एक टोक वायमार नावाच्या जर्मन गावात आहे, आणि दुसरे टोक आपल्या विदर्भातल्या एका वाड्यात आहे.

तसे पाहिले तर मराठी माणसाचा आणि जर्मनांचा पडद्यावरचा संबंध जुना. प्रभात कंपनीने १९३३ साली 'सैरंध्री' हा चित्रपट रंगीत करायचे ठरवले आणि त्यावरचे रंगाचे काम जर्मनीत करून घेतले. रंग मनासारखे उतरले नाहीत, ते धाडस तिथेच थांबले. १९३४ मध्ये मालाडला हिमांशु राय आणि देविकाराणी यांनी बॉम्बे टॉकीज काढली, तेव्हा दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन आणि छायालेखक योसेफ वीर्शिंग हे दोघेही जर्मन होते. आपल्या लीला चिटणीस १९३९ च्या 'कंगन'मध्ये चमकल्या, तो चित्रपट याच ऑस्टेनसाहेबांच्या हाताखालचा. ते बोलत जर्मन, चित्रपट बने हिंदी, आणि नायिका घरी बोले मराठी! त्याच वर्षी महायुद्ध पेटले, इंग्रज सरकारने या जर्मन मंडळींना स्थानबद्ध केले, आणि तो अध्याय संपला. त्या काळी जर्मन माणूस इथे येऊन आपल्या नट्यांना शिकवत होता. पस्तीस-चाळीस वर्षांनी हे चक्र उलटे फिरले.

विजयाबाईंचा जन्म ४ नोव्हेंबर १९३४ चा, बडोद्याचा. माहेरचे नाव विजया जयवंत. मुंबई विद्यापीठाची पदवी त्यांनी घेतली, पण खरे शिक्षण झाले ते इब्राहिम अल्काझी आणि अदी मर्झबान या दोन गुरूंकडे. एक अरबी वळणाच्या घरातला, एक पारशी. आणि शिष्या मराठी. अल्काझींकडे शिस्त, मर्झबानांकडे हसतखेळत साधलेली प्रेक्षकाची नाडी. पुढच्या आयुष्यात बाईंच्या कामात या दोन्ही गोष्टी दिसत राहिल्या.

दुर्गाबाई खोटे यांचे चिरंजीव हरीन यांच्याशी त्यांचा विवाह झाला. म्हणजे ज्या दुर्गाबाईंनी १९३२ च्या 'अयोध्येचा राजा'त तारामती उभी केली आणि कुलीन घरातल्या बाईने पडद्यावर यायचे नाही हा दंडक मोडला, त्यांच्या घरात या सून म्हणून आल्या. पण हरीन तरुणपणीच गेले. पदरी दोन लहान मुले. दुर्गाबाईंच्याही वाट्याला ऐन उमेदीत वैधव्य आले होते. एकाच घरातल्या सासू-सुनेचे हे सारखे दुःख, आणि दोघींनीही त्यावर काढलेला उपाय एकच : काम. पुढे बाईंनी फरोख मेहता यांच्याशी विवाह केला आणि त्या विजया मेहता झाल्या.

१९६० साली विजय तेंडुलकर, अरविंद देशपांडे, श्रीराम लागू अशा मंडळींच्या साथीने त्यांनी 'रंगायन' उभी केली. मराठी नाटक तेव्हा बहुतेक दिवाणखान्यात अडकलेले होते. लांबलचक स्वगते, टाळीची वाक्ये, तिसऱ्या अंकात समेट. रंगायनने ते दार उघडले. तेंडुलकरांची नाटके आली, खानोलकरांचे 'एक शून्य बाजीराव' आले, फ्रान्समधल्या आयनेस्कोचे 'खुर्च्या' मराठीत आले. प्रेक्षक थोडे होते. पण नाटक म्हणजे काय, हा प्रश्न पुन्हा एकदा विचारला गेला, हे महत्त्वाचे.

इथे आपल्या विदर्भाचा संबंध येतो, आणि तो मोठा गमतीचा आहे. यवतमाळ जिल्ह्यातल्या पारव्याचा एक तरुण नागपुरात राहत होता. एके दिवशी सिनेमाला गेला, तिकीट मिळाले नाही. वेळ तर काढायचा, म्हणून शेजारी लागलेल्या नाटकाला जाऊन बसला. नाटक होते तेंडुलकरांचे 'मी जिंकलो, मी हरलो', दिग्दर्शन विजया मेहतांचे. त्या तरुणाने ते पाहिले आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा जाऊन पाहिले. आपणही नाटक लिहावे हे त्याने तेव्हाच ठरवले. हा तरुण म्हणजे महेश एलकुंचवार. त्या दिवशी सिनेमाचे एक तिकीट शिल्लक असते, तर मराठी नाटकाचा इतिहास वेगळा लिहावा लागला असता! १९६७ साली त्यांची 'सुलतान' ही एकांकिका 'सत्यकथे'त आली. ती बाईंच्या नजरेस पडली आणि रंगायनने एलकुंचवारांच्या एकांकिका रंगमंचावर आणल्या. मुंबईहून आलेल्या एका प्रयोगाने विदर्भात एक लेखक जागा केला, आणि त्या लेखकाने पुढे त्या दिग्दर्शिकेला वाड्याच्या चौकात आणून उभे केले. त्याकडे नंतर येऊ.

आता जर्मनीकडे वळू. बेर्टोल्ट ब्रेख्त हा जर्मन कवी-नाटककार १८९८ साली आउग्सबुर्गला जन्मला. १९३३ च्या फेब्रुवारीत बर्लिनच्या संसदेला आग लागली, आणि दुसऱ्याच दिवशी त्याने देश सोडला. पुढची पंधरा वर्षे तो देशोदेशी फिरत राहिला. नाटककाराला निर्वासित व्हावे लागणे म्हणजे काय याचा विचार करा. कवी परदेशात बसून वहीत लिहू शकतो. नाटककाराला आपल्या भाषेचे नट लागतात, आपल्या भाषेचे प्रेक्षक लागतात. ब्रेख्तजवळ दोन्ही उरले नव्हते. त्या दिवसांत, १९४४ साली, अमेरिकेत बसून त्याने 'कॉकेशियन चॉक सर्कल' लिहिले. त्याचा पहिला प्रयोग १९४८ मध्ये अमेरिकेतल्या एका कॉलेजात, तोही इंग्रजीत झाला. स्वतःच्या भाषेत, बर्लिनमध्ये, त्याने ते उभे केले ते १९५४ साली.

हे नाटक मराठीत आणण्याच्या कामी बाईंना भेटले फ्रिट्झ बेनेविट्झ. जन्म १९२६ चा, म्हणजे युद्ध संपले तेव्हा ते एकोणीस वर्षांचे होते. पूर्व जर्मनीतल्या वायमार येथील राष्ट्रीय नाट्यगृहाचे ते दिग्दर्शक. हे वायमार मोठे विलक्षण गाव आहे. गटे आणि शिलर इथलेच. १९१९ साली जर्मनीची लोकशाही राज्यघटना ज्या सभागृहात संमत झाली ते सभागृह म्हणजे हेच नाट्यगृह. आणि याच गावाच्या वरच्या अंगाला, काही किलोमीटरवर, बुखेनवाल्डची छळछावणी उभी राहिली. काव्य, लोकशाही आणि क्रौर्य एका गावाच्या शिवेत. अशा गावात नाटक करणाऱ्या माणसाला नाटक ही करमणुकीची गोष्ट वाटणे शक्य नव्हते. १९७० साली बेनेविट्झ दिल्लीला आले, राष्ट्रीय नाट्य विद्यालयात त्यांनी ब्रेख्तचे 'थ्री पेनी ऑपेरा' बसवले, आणि मग आयुष्यभर ते हिंदुस्थानात येतच राहिले.

१९७३-७४ च्या सुमारास मुंबईत 'अजब न्याय वर्तुळाचा' उभे राहिले. मराठी रूप दिले चिं. त्र्यं. खानोलकरांनी, म्हणजे आपल्या 'आरती प्रभूं'नी. बेनेविट्झ आणि विजयाबाई यांनी मिळून ते बसवले. हे भाषांतर करायला कवी निवडला गेला, हे मला फार मोलाचे वाटते. ब्रेख्तमध्ये पद्य आहे, निवेदक-गायक आहे, गोष्ट सांगता सांगता मध्येच थांबून प्रेक्षकांशी बोलणे आहे. हे सारे मराठीत आणायला आपल्या लोकनाट्याची चाल लागते, आणि ती चाल कवीच्या कानाला ऐकू येते.

गोष्ट थोडक्यात अशी. एका राज्यात बंडाळी होते. सुभेदार मारला जातो. त्याची बायको आपले उंची कपडे वाचवण्याच्या गडबडीत तान्हे मूल मागे सोडून पळते. स्वयंपाकघरातली मोलकरीण ग्रुशा त्या मुलाला उचलते. शिपाई पाठीमागे, डोंगर पुढे, पोटात भूक. तरी ती त्याला वाढवते, त्याच्यासाठी बदनामी सोसते. काही वर्षांनी दिवस पालटतात आणि जन्मदाती परत येते. मूल तिला हवे आहे, कारण मुलाच्या नावावर इस्टेट आहे. खटला उभा राहतो तो अझ्दाक नावाच्या एका इरसाल न्यायाधीशापुढे. तो जमिनीवर खडूने एक वर्तुळ काढायला लावतो, मुलाला मध्ये उभे करतो आणि दोघींना म्हणतो, ओढा! जी आपल्याकडे ओढून घेईल तिचे मूल. जन्मदाती जोर लावून ओढते. ग्रुशा हात सोडून देते. पुन्हा ओढायला सांगितले, पुन्हा तिने हात सोडला. जे मूल आपण वाढवले त्याचे हात आपण कसे उखडायचे? अझ्दाक निकाल देतो : मूल हात सोडणारीचे.

गंमत अशी, की ही गोष्ट ब्रेख्तची नव्हेच. त्याने ती जुन्या चिनी नाटकावरून घेतली. बायबलात ती राजा शलमोनाच्या नावावर आहे. आमच्याकडे हदीसमध्ये हजरत दाऊद आणि हजरत सुलेमान यांच्या दरबारात दोन बाया एका मुलासाठी भांडत येतात. लांडग्याने एकीचे मूल नेलेले असते. लहानपणी ही गोष्ट आम्ही घरात ऐकली. आणि पाली जातककथांमध्ये तर महोसध पंडित जमिनीवर रेघ ओढतो, मूल त्या रेघेवर ठेवतो, आई आणि यक्षिणी यांना ओढायला सांगतो, आणि मूल रडताच खरी आई हात सोडते. म्हणजे आपल्याच मातीतून निघालेली, किंवा निदान आपल्या मातीत हजारो वर्षे नांदलेली गोष्ट. ती चीन पाहून, जर्मनी पाहून, अमेरिकेचा फेरा करून मराठीत आली.

मात्र ब्रेख्तने तिच्यात एक बदल केला, आणि त्या बदलातच सगळे आले. जुन्या सगळ्या गोष्टींत हात सोडणारी ही जन्मदाती आई असते. ब्रेख्तकडे हात सोडणारी ही वाढवणारी आहे, जन्म देणारी नव्हे. रक्ताचा हक्क मोठा की संगोपनाचा, असा प्रश्न त्याने विचारला, आणि आपले माप सरळ संगोपनाच्या पारड्यात टाकले. ज्या देशात नुकतेच रक्ताच्या शुद्धतेच्या नावाने लाखो माणसे मारली गेली होती, त्या देशाच्या कवीने हे लिहिले हे ध्यानात घेतले, की या साध्या गोष्टीचे वजन कळते.

ब्रेख्तच्या नाट्यतंत्राविषयी आपल्याकडे जड जड शब्दांत बरेच लिहिले गेले आहे. त्याचे म्हणणे सोपे होते. प्रेक्षकाने नाटकात बुडून जाऊ नये, जागे राहून विचार करावा. नटाने भूमिकेत शिरावे, पण अधूनमधून बाहेर येऊन ती दाखवावीही. १९३५ साली मॉस्कोत त्याने मेइ लानफांग या चिनी नटाचा अभिनय पाहिला, आणि त्याच्या या विचाराला बळ मिळाले. त्याने एखादे कीर्तन पाहिले असते तर? आपला कीर्तनकार काय करतो? कथा सांगतो. सांगता सांगता सीता होतो, रावण होतो, आणि पुढच्या क्षणाला उपरणे सावरत समोरच्या पाटलाला विचारतो, काय बाप्पा, पटते का? वऱ्हाडात तर यावर वेगळे सांगायला नको. गाडगेबाबांचे कीर्तन ज्यांनी ऐकले त्यांना माहीत आहे. बाबा प्रश्न विचारत, लोक उत्तर देत, त्या उत्तरातून पुढचा प्रश्न निघे, आणि शेवटी माणूस स्वतःच्याच तोंडून स्वतःची चूक कबूल करून बसे. हातात झाडू, डोक्यावर गाडगे, आणि समोर हजारोंचा जमाव. हे कुठल्या नाट्यशाळेत शिकवले होते? ब्रेख्त गेला ऑगस्ट १९५६ मध्ये, बाबा गेले त्याच वर्षीच्या डिसेंबरात, आपल्या अमरावतीजवळ. दोघांना एकमेकांचे नावही ठाऊक नसणार. पण लोकांना झोपू द्यायचे नाही, हा धंदा दोघांचाही एकच होता.

म्हणूनच 'अजब न्याय' मराठीत परके वाटले नाही. हे मराठी नाटक पुढे पूर्व जर्मनीतही गेले. ब्रेख्तचे नाटक ब्रेख्तच्याच मुलखात, मराठीत! काशीला जाऊन गंगाजल विकण्याचा हा प्रकार. पण तिथल्या रसिकांना या मंडळींच्या हालचालीतून, गाण्यातून, ढोलकीतून आपलेच नाटक नव्याने दिसले. आणि मग उलटे निमंत्रण आले : आता तुमची नाटके आमच्या नटांकडून करून घ्या.

यातूनच पुढे जर्मन नटांना घेऊन बाईंचे प्रयोग झाले. १९८० च्या सुमारास लाइपत्सिगला कालिदासाचे 'शाकुंतल' आणि १९८४ मध्ये वायमारला गिरीश कर्नाडांचे 'हयवदन' हे त्यांतले प्रमुख. शकुंतला जर्मनांना नवी नव्हती. १७९१ साली गेओर्ग फोर्स्टरने तिचे जर्मन भाषांतर केले, आणि ते वाचून गटे इतका भारावला की त्याने तिच्यावर कविता लिहिली. 'फाउस्ट'च्या आरंभीचा नाट्यगृहातला प्रवेश त्याला 'शाकुंतल'च्या सूत्रधारावरून सुचला, असे जाणकार मानतात. याच गटेने हाफिज वाचून १८१९ मध्ये आपला 'दिवाण' प्रसिद्ध केला. वायमारमध्ये २००० साली या दोन कवींचे स्मारक झाले. एकाच ग्रॅनाइटच्या दगडातून घडवलेल्या, समोरासमोर ठेवलेल्या दोन खुर्च्या. बस्स, एवढेच. शिराझचा एक आणि वायमारचा एक, असे दोघे कवी समोरासमोर बसले आहेत अशी कल्पना आपण करायची. आम्हा कवी मंडळींना याहून चांगले स्मारक सुचले नसते.

पण वाचनातली शकुंतला वेगळी आणि रंगमंचावरची वेगळी. जर्मन नट रथात बसायचे म्हटले की रथ शोधणार. आपल्या नाट्यशास्त्रातला नट रंगमंचाला एक फेरी मारतो, आणि आश्रम मागे पडून राजवाडा येतो. झाडाला पाणी घालायला घडा लागत नाही, हाताची मुद्रा पुरते. दोन माणसे एक पडदा धरून उभी राहिली की त्यामागून राजाही येतो आणि हत्तीही येतो. भाषा न कळणाऱ्या दिग्दर्शिकेला आणि संस्कृत न कळणाऱ्या नटाला जोडणारा पूल हाच होता. चाल, लय, नजर, थांबणे. सुरुवातीला विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर इथे मिळते. नटीची भाषा काढून घेतली तर तिच्याजवळ तिचे शरीर उरते आणि कान उरतो. शब्दाचा अर्थ कळला नाही तरी तो खोटा पडला की कानाला कळते. आपण अनोळखी भाषेतली कव्वाली ऐकतो आणि मान डोलवतो, ती कशामुळे?

'हयवदन'चा प्रवास तर याहून मौजेचा. डोकी बदललेल्या दोन पुरुषांची गोष्ट आपल्या वेताळपंचविशीतली. ती वाचून टॉमस मान या जर्मन कादंबरीकाराने १९४० मध्ये त्यावर दीर्घकथा लिहिली. ती वाचून कर्नाडांनी कन्नडमध्ये नाटक लिहिले. ते मराठीत आले, आणि मराठी बाईने ते जर्मनीत नेऊन जर्मन नटांकडून करून घेतले. डोके एकाचे, धड दुसऱ्याचे, मग माणूस कोणाचा, असा त्या नाटकातला प्रश्न. नाटकाच्या प्रवासालाच तो लागू पडावा ना!

बाईंच्या पडद्यावरच्या कामगिरीकडेही थोडे पाहू. चित्रपटांत त्या मोजक्याच दिसल्या. एलकुंचवारांच्याच नाटकावरून गोविंद निहलानींनी १९८४ मध्ये 'पार्टी' केला. त्यातली दमयंती राणे, साहित्यिकांचा दरबार भरवणारी श्रीमंत यजमानीण, ही बाईंची भूमिका. ओठांवर हसू आणि डोळ्यांत रितेपण, असे ते काम आहे. जयवंत दळवींच्या 'बॅरिस्टर' नाटकावरून त्यांनी स्वतः 'रावसाहेब' दिग्दर्शित केला. त्यातल्या मावशीच्या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. १९८८ चा 'पेस्तनजी' पारशी जीवनावरचा. दूरदर्शनसाठी त्यांनी लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे' केली, पुढे डॉक्टरांच्या जगावरची 'लाइफलाइन' ही मालिका केली. विशेष म्हणजे मोठ्या शहराबाहेरच्या माणसाला बाई भेटल्या त्या दूरदर्शनमुळेच. १९८० नंतरच्या दशकात जिल्ह्याजिल्ह्यांत छोटे प्रक्षेपक आले, तेव्हा अकोल्या-अमरावतीच्या घरांवरही अँटेना उभ्या राहिल्या. मुंबईचे नाटक इथवर क्वचितच येई. पडद्यावरून ते आले.

या यादीकडे नीट पाहिले की एक गोष्ट ध्यानात येते. ख्रिस्ती झालेल्या टिळकांची पत्नी, पारशी पेस्तनजी, आणि अनिल बर्वे यांच्या 'हमीदाबाईची कोठी'तली गाणारी मुसलमान बाई. ग्रामोफोन आणि सिनेमा आल्यावर जिचे समोरासमोरचे गाणे कोणाला नकोसे झाले, अशा हमीदाबाईचे ते मराठी नाटक बाईंनी १९७० च्या दशकाच्या अखेरीस बसवले. मराठी रंगभूमीवर मुसलमान पात्र म्हटले की बहुधा एखादा सरदार नाही तर विनोदी खानसामा. तिथे एक स्वाभिमानी, हट्टी, सुरावर जीव टाकणारी बाई मध्यभागी बसली. 'बाई दिसते कशी' यापेक्षा 'बाई मानते काय' हे त्या नाटकाला महत्त्वाचे वाटले. घराबाहेरच्या माणसाला घरातले करून घेण्याची ही सवय वर्तुळाच्या नाटकापासूनची असावी, असे मला वाटते.

आणि आता आपला वाडा. १९८५ मध्ये एलकुंचवारांचे 'वाडा चिरेबंदी' बाईंनी रंगमंचावर आणले. धरणगावकर देशपांड्यांचा वाडा. वडील वारले आहेत. मुंबईचा मुलगा बायकोसह तेराव्यासाठी आला आहे. थोरला भाऊ मोडक्या वतनाचा रुबाब सांभाळतो आहे, एक भाऊ घरगड्यासारखा राबतो आहे, बहिणीचे शिक्षण घराण्याच्या इभ्रतीपायी अडले आहे. चौकात ट्रॅक्टर गंजत पडला आहे, आणि म्हातारी आजी पुन्हा पुन्हा किती वाजले ते विचारते आहे. हा वाडा आपण पाहिलेला आहे. अचलपूर, अंजनगाव, मूर्तिजापूर, बाळापूर, कुठेही जा. पुढचा दरवाजा मोठा, मागची भिंत खचलेली. मुंबई-पुण्याच्या प्रेक्षकांपुढे विदर्भातले घर त्याच्या बोलीसकट उभे राहिले. 'करून राहिला', 'जाऊन राहिला' ही आपली बोलण्याची तऱ्हा तोवर तिकडे हसण्यावारी नेली जाई. या नाटकात त्याच बोलीत माणसे रडली, भांडली, गप्प बसली, आणि कोणी हसले नाही. पुढे 'हवेली बुलंद थी' या नावाने बाईंनी ते हिंदीत दूरदर्शनवरही नेले.

जिने लाइपत्सिगला परभाषेची लय कानाने पकडली, तिला ही बोली अवघड गेली नसणार. पण मला यात दुसरीही बाजू दिसते. परमुलखात जाऊन आलेल्या माणसालाच आपल्या घरातली बोली नीट ऐकू येते. दुरून ऐकल्याशिवाय तिच्यातला सूर कळत नाही.

बर्लिनची भिंत १९८९ मध्ये पडली, पुढच्याच वर्षी पूर्व जर्मनी हे राष्ट्रच उरले नाही. बेनेविट्झ १९९५ साली गेले. दोन महासत्तांच्या ओढाताणीत तिसऱ्या जगाशी मैत्री म्हणून असे सांस्कृतिक पाहुणचार सरकारी खर्चाने होत असत. ओढाताण संपली, तसा पाहुणचारही आटला. म्हणजे या सुंदर गोष्टीच्या मुळाशी राजकारण होते, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण खत कशाचेही असो, पीक धान्याचे आले हे खरे. विजयाबाईंना १९७५ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला, १९८७ मध्ये पद्मश्री मिळाली. २०१२ साली 'झिम्मा' हे त्यांचे आत्मकथन आले. ज्यांना या प्रवासाची गोडी लागली असेल त्यांनी ते जरूर वाचावे.

इतके सगळे सांगून झाल्यावर आपल्या पदरात काय पडते? वीर वामनराव जोशींच्या या अमरावतीत, 'रणदुंदुभी' लिहिणाऱ्या माणसाच्या गावात, नाटकाची परंपरा नव्हती असे कोण म्हणेल? राज्य नाट्य स्पर्धेच्या दिवसांत इथली आणि अकोल्याची हौशी मंडळी पदरमोड करून अजूनही उभी राहतात. दिवसभर शाळेत शिकवायचे, दुकान सांभाळायचे, आणि रात्री तालीम करायची. त्यांना एवढेच सांगावेसे वाटते, की मुंबईची नक्कल करण्याची गरज नाही. मुंबईने तर वाडा आपल्याकडून नेला. गाडगेबाबांचे कीर्तन, आपली दंडार, आपली बोली हे भांडवल जर्मनीलाही पुरून उरेल इतके आहे.

दुसरी गोष्ट माझ्या जिवाजवळची आहे. मराठीत कविता लिहितो म्हटल्यावर लोक प्रेमाने, कौतुकाने विचारतात : तुमची मातृभाषा कोणती? प्रश्नात वाईट काही नसते. पण उत्तर देताना मला ते खडूचे वर्तुळ आठवते. श्रीगोंद्याच्या शेख महंमदांनी शेकडो वर्षांपूर्वी मराठीत ओव्या लिहिल्या, तेव्हा भाषेने त्यांना दाखला मागितला नाही. फारशी-उर्दूच्या अंगणातली गझल आपल्या अमरावतीच्या सुरेश भटांनी उचलली, आयुष्यभर खांद्यावर वागवली आणि मराठीत लहानाची मोठी केली. आज ती मराठीची लेक नाही असे म्हणायची कोणाची छाती आहे? भाषा असो, बोली असो, नाटक असो की गोष्ट असो, ती जन्माच्या दाखल्यावर कोणाच्या नावे लागत नाही. जो तिच्यासाठी रात्री जागतो, तिच्यासाठी बोलणी खातो, आणि दोन्हीकडून ओढाताण सुरू झाली की तिला इजा होऊ नये म्हणून आपला हात आधी सैल करतो, ती त्याची.

भाषेच्या, जातीच्या, धर्माच्या नावाने वर्तुळे आखणारे आज पुष्कळ आहेत, आणि जोर लावून ओढणारेही पुष्कळ. अझ्दाकचा न्याय त्यांनी एकदा पाहायला हवा. आपल्या गावात कोणी हे नाटक पुन्हा उभे करील का? भाषा आपली वऱ्हाडीच असू द्यावी. निवेदक म्हणून एखादा कीर्तनकार घ्यावा. आणि खडू तर कुठल्याही शाळेत मिळतो.

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)